कोरं करण्याआधी

दिवेलागण झाली असेल. कुणी भाकरी थापत ऐकत असेल, कुणी गोठ्यातून आत्ताच आत आलेली असेल. हात चालू राहू द्या, कान तेवढा इकडे द्या. आज मधेमधे दोन-चार गोष्टी लिहून घ्याव्या लागतील, तेव्हा जवळ शाळेतलं पोर असेल तर त्याला वही-पेन घेऊन बसवा.

मी आमच्या गावच्या बचत गटाची सचिव. गटाचं एक छोटं वाचनालय आहे. एकच कपाट आहे, पण चालतं. त्याची किल्ली माझ्याकडे असते. आज मी बोलणार आहे ते पुस्तकं वाचायच्या यंत्राबद्दल, म्हणजे ई-रीडरबद्दल. त्यातही एकाच कामाबद्दल: ते यंत्र पुसून पुन्हा कारखान्यातून आल्यासारखं कोरं कसं करायचं, आणि मुख्य म्हणजे कोरं करण्याआधी काय करायचं. इंग्रजीत त्याला फॅक्टरी रिसेट म्हणतात. मोबाइलमध्येही हेच असतं. त्यामुळे ज्यांच्या गावात ई-रीडर नाही त्यांनीही रेडिओ बंद करू नका. मोबाइल तर आता घरोघर आहे.

आधी हे यंत्र काय असतं ते सांगते. पोरांच्या पाटीपेक्षा लहान, हाताच्या पंज्यात मावेल एवढं. त्यात फक्त पुस्तकं वाचायची. वरच्या काचेला ई-शाई म्हणतात. आत काळे आणि पांढरे बारीक बारीक कण असतात. वीज मिळाली की पाहिजे तिथे काळे वर येतात, बाकी ठिकाणी पांढरे, आणि अक्षर उमटतं. एकदा उमटलं की ते टिकवायला वीज लागत नाही, पान उलटतानाच काय ती लागते. म्हणून एकदा चार्जिंग केलं की यंत्र आठवड्याच्या वर चालतं. उन्हात ओट्यावर बसलं तरी कागदासारखं दिसतं, मोबाइलसारखं चमकत नाही. आणि अक्षर हवं तेवढं मोठं करता येतं. ही शेवटची गोष्ट आमच्याकडे सगळ्यात कामाला आली. कशी ते सांगते, कारण माझी चूकही तिथेच झाली.

माझी पुतणी पुण्यात नोकरी करते. तिनं नवं यंत्र घेतलं आणि जुनं आमच्या वाचनालयाला दिलं. म्हणाली, "काकू, माझ्याकडे कपाटात पडून राहण्यापेक्षा तुमच्या बायका वाचतील." बायका वाचायला लागल्या. त्यात आमच्या आत्याबाई पुढे. आत्याबाई म्हणजे माझ्या सासऱ्यांची बहीण. पंचाहत्तरी ओलांडलेली. शाळेचं तोंड पाहिलं नाही. गावात साक्षरतेचा वर्ग भरायचा तेव्हा कंदील घेऊन जायच्या आणि तिथे अक्षर शिकल्या. पुढे मोतीबिंदू झाला, ऑपरेशन झालं, पण पेपरातलं बारीक अक्षर काही दिसेना. वाचणं सुटलं. यंत्रावर अक्षर मोठं केलं तेव्हा एका ओळीत जेमतेम तीन-चार शब्द बसायला लागले, पण आत्याबाईंना ते दिसायला लागले.

त्या दिवाळीत पुतणी आठ दिवस सुट्टीवर होती. ती आत्याबाईंच्या शेजारी लॅपटॉप घेऊन बसायची. आत्याबाई जात्यावरच्या ओव्या सांगायच्या, ती टाइप करायची. जायच्या दिवशी मला म्हणाली, "काकू, बाहत्तर झाल्या." मग तिनं त्याची फाइल केली आणि केबल लावून यंत्रात टाकली. आत्याबाईंनी पहिल्यांदा ते उघडलं तेव्हा काचेवर बोट ठेवून, थांबत थांबत वाचलं. सगळं पाठ असलेलंच होतं, तरी थांबत होत्या. मग रोज दुपारी यंत्र मागायला यायच्या. आम्ही त्याची नोंद वहीत करायचंही सोडून दिलं होतं.

पुढच्या पावसाळ्यात यंत्र अडकायला लागलं. पान उलटायला बोट लावलं की हलायचंच नाही. पाच मिनिटांनी एकदम तीन पानं पुढे जायचं. मी शेजारच्या कॉलेजातल्या पोराला फोनवर विचारलं. तो म्हणाला, "काकू, रिसेट मारा." आता त्याचा दोष नाही. आत काय आहे हे त्याला माहीत नव्हतं. मला माहीत होतं. मी रिसेट शोधलं. दाबल्यावर इंग्रजीत चार ओळी आल्या, खाली हो आणि नाही अशी दोन बटणं. त्या चार ओळी मी वाचल्या नाहीत. हो दाबलं.

थोड्या वेळानं यंत्र नव्यासारखं चालू झालं. मला इतका आनंद झाला की मी बैठकीत सगळ्यांना फिरवून दाखवलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी आत्याबाई आल्या. मी यंत्र दिलं. त्यांनी इकडून तिकडून बघितलं आणि विचारलं, "माझ्या ओव्या कुठं ठेवल्यास गं?"

मी पुतणीला फोन लावला. तिनं विकत घेतलेली पुस्तकं परत आली, एकूण एक. ओव्या आल्या नाहीत. लॅपटॉप ऑफिसचा होता. तिनं मधल्या काळात नोकरी बदलली होती, लॅपटॉप परत गेला होता. ओव्यांची दुसरी नक्कल कुठेच नव्हती. जी होती ती यंत्रात होती आणि ती मी पुसली होती.

तेव्हापासून मी हा विषय नीट समजून घेतला. जे समजलं ते आता सांगते. किंडल नावाच्या यंत्राच्या पायऱ्या सांगते, कारण मला त्या माहीत आहेत. दुसऱ्या कंपनीच्या यंत्रात शब्द थोडे वेगळे असतील, पण रीत हीच.

पहिली गोष्ट. कोरं केल्यावर काय जातं आणि काय राहतं?

यंत्रात उतरवलेली सगळी पुस्तकं जातात. कुठल्या पानावर होतो ती खूण जाते. वायफायचा पासवर्ड, यंत्राचं कुलूप, मुलांसाठी घातलेली बंधनं, खातेदाराचं नाव, सगळं जातं. यंत्र चालवणारा मूळ प्रोग्राम मात्र राहतो, म्हणून तर ते परत सुरू होतं.

मग पुतणीची पुस्तकं परत आली आणि ओव्या का आल्या नाहीत? हा फरक नीट ऐका. विकत घेतलेली पुस्तकं खरं तर यंत्रात राहत नाहीत, ती तिच्या नावाच्या खात्यावर असतात. यंत्रात फक्त उतरवून घेतलेली असतात. आपण बँकेतून पैसे काढून पाकिटात ठेवतो तसं. पाकीट रिकामं झालं तरी खात्यावरची शिल्लक हलत नाही. इथे तर त्याहून सोपं, तेच पुस्तक पुन्हा पुन्हा उतरवता येतं. पण जी फाइल आपण केबल लावून थेट यंत्रात टाकली, तिचा खात्याला पत्ताच नसतो. ती पाकिटातली नोट. गेली की गेली.

हे खातं किती मोठी गोष्ट आहे त्याचं एक खरं उदाहरण सांगते. २००७ साली ॲमेझॉन कंपनीनं अमेरिकेत किंडल विकायला काढलं. २००९ साली असं झालं की जॉर्ज ऑर्वेल या लेखकाची दोन पुस्तकं लोकांनी पैसे देऊन घेतली होती. ज्यानं ती विक्रीला ठेवली त्याच्याकडे हक्कच नव्हते असं लक्षात आलं. कंपनीनं दूर बसून लोकांच्या यंत्रांतून ती पुस्तकं काढून टाकली. पैसे परत केले, पण लोक फार चिडले. एका शाळकरी मुलानं त्या पुस्तकावर टिपणं काढली होती, ती निकामी झाली. शेवटी कंपनीचे प्रमुख जेफ बेझोस यांनी जाहीर माफी मागितली. एवढ्यासाठी सांगते की यंत्र आपल्या हातात असलं तरी पुस्तकांची दोरी खात्याला बांधलेली असते. खातं कुणाचं आहे हे माहीत पाहिजे.

दुसरी गोष्ट. कोरं करायची खरंच गरज आहे का?

यंत्र अडकलं, काच थिजली, पान हलत नाही, म्हणजे लगेच पुसायचं असं नाही. ताप आला म्हणून कुणी थेट ऑपरेशन करत नाही. आधी चार्जिंगला लावा, चांगलं तासभर. वाडीवस्तीवर वीज कमी-जास्त होते, तेव्हा दुसऱ्या पिनेवर आणि दुसऱ्या केबलवरही लावून बघा. मग यंत्राचं चालू-बंद करायचं बटण दाबून धरा. किती वेळ? चाळीस सेकंद. नुसतं दाबून सोडायचं नाही, चाळीस अंक मोजायचे. मध्ये काही दिसलं तरी बोट काढायचं नाही. मग यंत्र बंद होऊन आपोआप सुरू होतं. किंडल असेल तर झाडाखाली बसून वाचणाऱ्या मुलाचं काळं चित्र दिसतं. ते दिसलं की थांबा, जरा वेळ लागतो. याला रिस्टार्ट म्हणतात. यात आतलं काहीही पुसलं जात नाही.

रिस्टार्ट आणि रिसेट. शब्द जवळजवळ सारखे, पण एकात झोपलेल्याला उठवायचं आहे आणि दुसऱ्यात घर रिकामं करायचं आहे. हे दोन शब्द वहीत वेगवेगळ्या ओळीवर लिहून घ्या. पुढच्या उन्हाळ्यात आमचं यंत्र पुन्हा तसंच अडकलं, तेव्हा ते चाळीस सेकंदांत सुटलं. मला बरं वाटलं नाही, वाईटच वाटलं. पहिल्या वेळीही एवढंच करून बघायचं होतं.

मग कोरं कधी करायचं? एक, रिस्टार्ट दोन-तीनदा करूनही अडकतच असेल तेव्हा. दोन, यंत्र दुसऱ्याला द्यायचं किंवा विकायचं असेल तेव्हा. तीन, दुसऱ्याकडून आपल्याकडे आलं असेल तेव्हा. आणि चार, यंत्राला घातलेलं कुलूप उघडत नसेल, म्हणजे पासवर्ड विसरला असेल तेव्हा.

तिसरी गोष्ट, आणि हीच आजची मुख्य गोष्ट. कोरं करण्याआधीची कामं. लिहून घ्या.

पहिलं काम. यंत्र वापरणाऱ्या प्रत्येकीला विचारा, "यात तुझं काही आहे का?" हे काम यंत्राचं नाही, माणसाचं आहे. गटाचं यंत्र दहा हातांत फिरतं. कुणी त्यात पाककृतीची फाइल टाकलेली असते, कुणी मुलीच्या परीक्षेची टिपणं. मी आत्याबाईंना विचारलं असतं तर आज इथे बोलायला बसले नसते.

दुसरं काम. आपलं काढून घ्या. यंत्र केबलनं कॉम्प्युटरला जोडा. घरी कॉम्प्युटर नसेल तर शाळेत किंवा ओळखीच्या सेवा केंद्रात जा, दहा मिनिटांचं काम आहे. केबल मात्र बघून घ्या. काही केबल फक्त चार्जिंग करतात, माहिती नेत नाहीत. कॉम्प्युटरवर यंत्र दिसत नसेल तर आधी केबल बदला. यंत्र उघडलं की आत डॉक्युमेंट्स नावाचा कप्पा असतो. केबलनं टाकलेल्या फाइली तिथेच सापडतात. तो अख्खा कप्पा उचलून कॉम्प्युटरवर नक्कल करून ठेवा. त्यातच माय क्लिपिंग्ज नावाची एक साधी फाइल असते. वाचताना ज्या ओळींवर खूण केली आणि जी टिपणं लिहिली, ती त्या फाइलीत जमा होत असतात. आमच्या गटातली एक सूनबाई शेळीपालनाचं पुस्तक वाचत होती. तिनं लसीकरणाच्या महिन्यांवर खुणा केल्या होत्या. त्या सगळ्या त्या एका फाइलीत मिळाल्या. अशा गोष्टी घ्यायला विसरू नका.

तिसरं काम. खातं कुणाचं आहे ते बघा. त्या खातेदाराला फोन करा आणि सांगा की आम्ही यंत्र कोरं करतोय. तिचा ईमेल आणि पासवर्ड तिच्याकडे आहे ना, हेही विचारा. नाहीतर तिची पुस्तकं खात्यावर असूनही तिला उघडता येणार नाहीत.

चौथं काम. यंत्र पूर्ण चार्ज करा. पुसण्याचं काम मधेच बंद पडता कामा नये.

आता करायचं कसं. यंत्र सुरू करा. पहिल्या पानावर वर उजव्या कोपऱ्यात एकाखाली एक तीन ठिपके दिसतात. त्यावर बोट लावा. यादी उघडेल, त्यात सेटिंग्ज. सेटिंग्जमध्ये डिव्हाइस ऑप्शन्स. त्यात रिसेट. जुन्या यंत्रात तीन ठिपक्यांऐवजी तीन आडव्या रेघा असतात. तिथे आधी सेटिंग्जमध्ये जायचं, मग त्या पानावरचा मेनू पुन्हा उघडायचा, त्यात रिसेट डिव्हाइस मिळेल. दाबलं की तो चार ओळींचा इशारा येतो. मी वाचला नव्हता, तुम्ही वाचा. इंग्रजी येत नसेल तर वाचता येणाऱ्याला बोलवा. तोवर हो दाबू नका, तो इशारा कुठे पळून जात नाही. हो दाबल्यावर यंत्र बंद होऊन सुरू होईल, काही मिनिटं जातील. त्या वेळात बटणाला हात लावायचा नाही. मग भाषा विचारेल, वायफाय विचारेल, खातं विचारेल. म्हणजे झालं.

कुलूप विसरलेल्यांसाठी एक गोष्ट. किंडलला पासवर्ड घातला आणि विसरला, तर पासवर्डच्या जागी एक आकडा टाकायचा: तीन वेळा एक, तीन वेळा दोन, तीन वेळा सात. म्हणजे १११२२२७७७. ही कंपनीनंच दिलेली सोय आहे. पण त्यानं नुसतं कुलूप उघडत नाही, यंत्र पूर्ण कोरं होतं. पोरं खेळता खेळता हा आकडा दाबणार नाहीत याची काळजी घ्या. आणि पासवर्ड ठेवायचाच असेल तर गटाच्या वहीत लिहून वही कपाटात ठेवा.

चौथी गोष्ट, देण्याघेण्याची. इथे माझी दुसरी चूक ऐका.

मी यंत्र कोरं केल्यावर त्यानं खातं विचारलं. पुतणीनं फोनवर तिचा ईमेल आणि पासवर्ड सांगितला. मी तो कागदावर लिहिला आणि विसरू नये म्हणून कपाटाच्या दाराला आतून चिकटवला. आता हसू नका, तुमच्यातल्या कितीजणींच्या एटीएमचा आकडा कार्डाच्या पाकिटावरच लिहिलेला असेल! पुढे काय झालं, एका सदस्येचा मुलगा यंत्र घेऊन बसला होता. त्यानं चित्रांची पुस्तकं बघितली, बटण दाबलं, पुन्हा दाबलं. पुतणीच्या खात्यावर जी शिल्लक होती तिच्यातून चार पुस्तकांचे पैसे गेले. पोराला वाटलं, वाचनालय आहे, फुकटच असणार. बरोबरच वाटलं त्याला.

गटानं ते पैसे पुतणीला परत पाठवले. ती नको म्हणत होती. पण आमच्या अध्यक्ष म्हणाल्या, "तिनं विश्वासानं खातं दिलं, हिशेब चुकता झाला पाहिजे." ठरावाच्या वहीत तशी नोंद आहे.

त्यातून जे शिकलो ते असं. पीक काढून रान मोकळं केलं म्हणून सातबाऱ्यावरचं नाव बदलत नाही. त्यासाठी फेरफार करावा लागतो. यंत्राचंही तसंच. दुसऱ्याकडून यंत्र आलं तर त्याचं नाव आधी उतरवा. सेटिंग्जमध्ये युअर अकाउंट असतं, तिथे डिरजिस्टर म्हणून बटण असतं. ते दाबलं की यंत्र त्या खात्यापासून मोकळं होतं. कोरं केल्यावर यंत्रातलं नाव जातंच, पण खातेदारानंही त्याच्या बाजूनं खातं उघडून यंत्रांच्या यादीतून ते काढून टाकावं. दोन्हीकडची नोंद गेली म्हणजे फेरफार पुरा झाला. मग गटाच्या ईमेलवर गटाचं खातं उघडा. त्याला कुणाचं बँक कार्ड जोडू नका. आणि सेटिंग्जमध्ये पॅरेंटल कंट्रोल्स म्हणून सोय आहे, तिथून दुकान बंद करून ठेवा. म्हणजे पोरं वाचतील, खरेदी करणार नाहीत.

पुस्तकं मग कुठून आणायची असं विचाराल. मराठीत फुकट आणि रीतसर मिळणारी पुष्कळ आहेत. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाच्या वेबसाइटवर आहेत, ई-साहित्य प्रतिष्ठानची आहेत, मराठी विकिस्रोतावर जुनी पुस्तकं आहेत. एक सांगते, पीडीएफ प्रकारची फाइल लहान काचेवर बारीक दिसते, तिचं अक्षर नीट मोठं होत नाही. ईपब प्रकारची मिळाली तर ती घ्या. आणि ती केबलनं टाकण्यापेक्षा सेंड टू किंडल या सोयीनं खात्यावर पाठवा. मग ती खात्यावरही राहते. यंत्र कोरं झालं तरी परत उतरवता येते.

आता मोबाइलबद्दल. आपल्याकडे फेरीवाले येतात, जुना मोबाइल द्या आणि भांडं घ्या, टब घ्या. आपण कपाटातला बंद पडलेला मोबाइल उचलून देतो. बंद पडला म्हणजे रिकामा झाला असं नाही. त्यात आधारचे फोटो असतात, पासबुकाचे फोटो असतात, बँकेचे मेसेज असतात, लेकीबाळींचे फोटो असतात. चालू होत असेल तर आधी हवे ते फोटो आणि नंबर काढून घ्या. मग सेटिंग्जमध्ये जाऊन गुगलचं खातं काढा. त्यानंतर कोरा करा. हाच क्रम ठेवा. खातं न काढता कोरा केलात तर घेणाऱ्याला तो जुन्या खात्याचा पासवर्ड मागत बसेल. सिमकार्ड आणि मेमरी कार्ड हातानं काढून घ्या. आणि चालूच होत नसेल तर टबापायी देऊ नका. टब बाजारात मिळतो.

थोडक्यात पुन्हा सांगते. आधी चार्जिंग. मग चाळीस सेकंद बटण, म्हणजे रिस्टार्ट. तरी जमलं नाही तर सगळ्यांना विचारा, आपलं काढून घ्या, खातेदाराला कळवा, आणि मगच रिसेट. आमच्या कपाटाच्या दाराला आता पासवर्डचा कागद नाही, हा कागद आहे.

आत्याबाईंचं काय झालं ते सांगून थांबते. मी त्यांना खरं काय ते सांगितलं. त्या रागावल्या नाहीत. म्हणाल्या, "मशीनीतल्या गेल्या, माझ्यातल्या कुठं गेल्यात?" आम्ही लिहायला बसलो. पण नुसतं बसून त्यांना आठवेनात. चार-पाच झाल्या आणि थांबल्या. मग त्याच म्हणाल्या, "अगं, जातं फिरल्याबिगर कशा येतील?" माळ्यावरचं जातं उतरवलं, धुतलं, खुंटा नवा ठोकला. आत्याबाईंचा खांदा दुखतो, म्हणून दोघींनी खुंटा धरायचा, रोज पाव तास. मूठभर जोंधळे टाकायचे. हात फिरायला लागला की ओवी यायची. समोर मोबाइल ठेवून आवाज भरून घेतला. रात्री माझी मुलगी वहीत उतरवायची.

पुण्याच्या हेमा रायरकर आणि गी पॉइतवाँ यांनी गावोगाव हिंडून, कितीतरी वर्षं खपून, एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या आहेत. त्या आज पारीच्या वेबसाइटवर वाचता येतात, ऐकताही येतात. कुणीतरी लिहून ठेवलं, नीट जपलं, म्हणून त्या आहेत. आपल्या घरातल्या मात्र आपणच जपायच्या.

आत्याबाईंच्या ओव्या आता चार ठिकाणी आहेत. वहीत, गटाच्या खात्यावर, पुतणीकडे आणि मुलीच्या मोबाइलमध्ये आवाजात. वहीत आकडा लिहिला आहे: एकसष्ट. पुतणीनं त्या दिवाळीत सांगितला होता तो आकडा बाहत्तर. मधल्या अकरा काही परत आल्या नाहीत. आम्ही जातं अजून माळ्यावर चढवलेलं नाही. एखाद्या दुपारी आत्याबाई येतात, खुंट्याला हात लावतात, बघतात. अजून बारावी पानं कोरी सोडली आहेत वहीत.

तुमच्या घरातही असं काही एकाच यंत्रात असेल. आज जेवणं झाली की बघा, आणि त्याची एक नक्कल काढून ठेवा. येते. नमस्कार.